अर्धी रक्कम भरा, मग चूक दाखवा? वसुली दाखल्यांबाबत एक खुले पत्र

मा. सहकार मंत्री, महाराष्ट्र राज्य,
मा. सहकार आयुक्त व निबंधक, सहकारी संस्था, पुणे,
आणि विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांचे सन्माननीय सदस्य यांस,

सविनय नमस्कार.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० मधल्या कलम १५४चं पोटकलम (२अ) बदलावं, अशी विनंती करण्यासाठी हे पत्र लिहीत आहे. कलम १०१ खाली निघालेल्या वसुली दाखल्याविरुद्ध, म्हणजे थकबाकी वसूल करायला सहकार खात्याचा अधिकारी देतो त्या दाखल्याविरुद्ध, वरच्या अधिकाऱ्याकडे पुनरीक्षण (फेरतपासणी) अर्ज करायचा असेल, तर या पोटकलमाप्रमाणे वसुलीपात्र रकमेच्या ५० टक्के रक्कम आधी संस्थेकडे भरावी लागते. ती भरल्याशिवाय अर्ज विचारात घेतला जात नाही. दाखल्यातला आकडाच चुकलेला असो, व्याज दुबार लागलेलं असो, भरलेला हप्ता खात्यावर जमाच दिसत नसो, नियम तोच. माझं मागणं एकच आहे. हिशेबातली चूक दाखवून द्यायला कर्जदाराला किंवा जामीनदाराला आधी अर्धी रक्कम भरावी लागू नये.

मी एका नागरी सहकारी बँकेच्या कर्ज विभागातून निवृत्त झाले. थकीत खात्यांचे १०१चे प्रस्ताव तयार करणं, खातेउतारे काढणं, जामीनदारांना नोटिसा पाठवणं ही माझी रोजची कामं होती. आता सांगली जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी राहते आणि ओळखीतून लोक कागदपत्रांच्या पिशव्या घेऊन घरी येतात. बहुतेक जण जामीनदार असतात. त्यामुळे टेबलाच्या दोन्ही बाजूंचे कागद मी पाहिलेले आहेत. कर्ज बुडवणाऱ्यांची वकिली मला करायची नाही. घेतलेलं कर्ज फेडलंच पाहिजे, आणि संस्थेने ते वसूल केलंच पाहिजे. माझा प्रश्न फक्त आकड्याचा आहे.

ज्यांचा या कलमांशी कधी संबंध आला नाही, त्या वाचकांसाठी थोडं सविस्तर सांगते. सहकारी बँक किंवा पतसंस्थेचं कर्ज थकलं की संस्थेला दिवाणी दावा लावत बसावं लागत नाही. ती उपनिबंधक किंवा सहायक निबंधकांकडे कलम १०१ खाली अर्ज करते, सोबत खातेउतारा जोडते. अधिकारी 'योग्य वाटेल ती' चौकशी करून वसुली दाखला देतात. कलम १०१(३) म्हणतं की हा दाखला अंतिम असतो आणि थकबाकीचा निर्णायक पुरावा मानला जातो. पुढची वसुली जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी होते. संस्थेचा वसुली अधिकारी कलम १५६ आणि नियम १०७ चा आधार घेऊन घर, जमीन, गाडी जप्त करू शकतो, लिलाव करू शकतो. सातबाऱ्यावर बोजा चढतो, पगारदाराच्या पगारातून कपात सुरू होते.

हे सगळं एका कागदावर चालतं, आणि त्या कागदातला आकडा येतो संस्थेनेच काढलेल्या खातेउताऱ्यातून. म्हणजे एका पक्षाने आपल्या वहीतून काढून दिलेला आकडा दुसऱ्या पक्षाविरुद्ध निर्णायक पुरावा होतो. मधली चौकशी नीट झाली तर यात काहीच वावगं नाही. चौकशी नीट व्हावी म्हणूनच १९६१च्या नियमांमध्ये ८६ए ते ८६एफ हे नियम नंतर घातले गेले. नोटीस, म्हणणं मांडायची संधी, सुनावणी, सगळं त्यात आहे. मुंबई उच्च न्यायालयाने कारणं न देता काढलेले दाखले वेळोवेळी रद्दही केले आहेत. पण एका अधिकाऱ्यासमोर एका दिवशी ढीगभर प्रकरणं लावली, की कागदावरची सुनावणी आणि खरी सुनावणी यांत फार अंतर पडतं. काही जिल्ह्यांत तर हे अधिकारी परसेवेवर पतसंस्था फेडरेशनच्याच कार्यालयात बसतात. त्यांच्या सचोटीवर मी शंका घेत नाही. पण ज्या संस्थांनी अर्ज केला त्यांच्याच फेडरेशनच्या इमारतीत आपली सुनावणी आहे, हे पाहिल्यावर जामीनदाराच्या मनात काय येत असेल, याचा विचार खात्याने करायला हवा.

आता एक प्रकरण जवळून दाखवते. माणसाचं आणि पतसंस्थेचं नाव लिहीत नाही.

एसटीतले एक वाहक शेजाऱ्याला जामीन राहिले. शेजाऱ्याने पिठाच्या गिरणीसाठी पतसंस्थेकडून ३ लाखांचं कर्ज घेतलं होतं, १५ टक्क्यांनी, ६० हप्त्यांत. हप्ता ७ हजारांच्या थोडा वर. पहिली दोनेक वर्षं हप्ते बरे गेले, मग गिरणी बंद पडली आणि शेजारी गाव सोडून गेला. काही वर्षांनी वाहकांच्या हातात १०१चा दाखला पडला. ४ लाख ८६ हजार रुपये, अधिक वसूल होईपर्यंतचं व्याज, अधिक वसुली खर्च.

मी खातेउतारा मागवून घेतला आणि एकेक ओळ लावायला बसले. शेजाऱ्याच्या बायकोने जाताना घरातल्या पावत्यांची प्लॅस्टिकची पिशवी वाहकांकडे देऊन ठेवली होती. त्यात चार हप्त्यांच्या गुलाबी काउंटर पावत्या होत्या. निळा शिक्का, रोखपालाची सही, गिरणीच्या कर्जखात्याचा नंबर, सगळं स्वच्छ. खातेउताऱ्यात त्या तारखांना जमेच्या बाजूला काहीच नाही. पुढे कळलं की त्या रकमा त्याच माणसाच्या पिग्मी तारण कर्जाच्या खात्यात जमा धरल्या होत्या आणि ते खाते नंतर बंद झालं. चार हप्ते म्हणजे साडेअठ्ठावीस हजार. पण त्या रकमेवर पुढची पाच वर्षं दरमहा चक्रवाढीने व्याज चढत गेलं होतं, आणि तो आकडा दुपटीच्याही वर गेला होता.

दुसरी गोष्ट दंडव्याजाची. जामीनरोख्यात लिहिलं होतं की थकलेल्या हप्त्यांवर २ टक्के जादा व्याज लागेल. उताऱ्यात ते लावलं होतं संपूर्ण येणे बाकीवर. साधा हिशेब बघा. हप्ते ४० हजारांचे थकलेले आहेत आणि बाकी २ लाख आहे, तर थकीत हप्त्यांवर वर्षाचं दंडव्याज ८०० रुपये होतं. संपूर्ण बाकीवर लावलं की तेच ४ हजार होतं. वर हे दंडव्याज दर महिन्याला मुद्दलात मिळवलेलं. तिसरी गोष्ट, कर्ज देताना कापून घेतलेले शेअर्स आणि सक्तीची ठेव बाकीतून वळती केलेलीच नव्हती.

माझ्या हिशेबाने फरक लाखाच्या आसपास होता. वाहकांनी हे सगळं सुनावणीत लेखी दिलं होतं, पावत्यांच्या झेरॉक्स जोडल्या होत्या. आदेश छापील नमुन्यातला होता. नाव, रक्कम आणि दर हाताने भरलेले, आणि हरकतीबद्दल एकच ओळ, की जाबदारांनी घेतलेली हरकत पुराव्याअभावी अमान्य करण्यात येते. पावत्या ज्या पानावर जोडल्या होत्या, त्या पानाचा उल्लेखही नव्हता.

पुढची पायरी विभागीय सहनिबंधकांकडे पुनरीक्षण. त्यासाठी भरायचे २ लाख ४३ हजार. लाखाची चूक दाखवण्यासाठी अडीच लाखांच्या घरातली रक्कम आधी मोजा. "एवढे असते तर कर्जच फेडून टाकलं असतं की, मॅडम," एवढंच ते म्हणाले. अर्ज झालाच नाही. पगारातून कपात सुरू झाली.

आणि ही रक्कम निबंधकांकडे किंवा एखाद्या न्यायालयात ठेवायची नसते. ज्या संस्थेशी वाद आहे त्याच संस्थेकडे भरायची असते. उद्या अर्जदार जिंकला, तर ती परत मिळवण्यासाठी पुन्हा त्याच संस्थेच्या पायऱ्या चढायच्या. अर्ध्या रकमेची अट कमी करण्याचा अधिकारही पोटकलमाने कोणाला दिलेला नाही. सहनिबंधकांना समोरच्या पावत्या दिसल्या आणि पटल्या, तरी त्यांचे हात बांधलेले आहेत.

केंद्राच्या कायद्याकडे बघितलं की हे किती विसंगत आहे ते दिसतं. बँकांना न्यायालयात न जाता तारण मालमत्ता ताब्यात घेऊन विकू देणारा २००२चा सरफेसी कायदा कर्जदारांना कडक वाटतो, आणि तो आहेच. ६० दिवसांची नोटीस, मग ताबा, मग लिलाव, आणि दिवाणी न्यायालयाचा दरवाजा बंद. मूळ कायद्यात अशीही तरतूद होती की कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे दाद मागायची असेल तर मागणीच्या ७५ टक्के रक्कम आधी भरा. सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली मार्डिया केमिकल्सच्या निकालात कायदा वैध ठरवला, पण ही अट घटनाबाह्य ठरवून काढून टाकली. कारण सरळ होतं. कर्जदार तिथे अपिलात येत नाही, त्याचं म्हणणं ऐकलं जाण्याची ती पहिली जागा आहे, आणि ताबा आधीच गेलेल्या माणसाकडून तिथे पाऊण रक्कम मागणं जाचक आहे. त्याच निकालानंतर बँकेने कर्जदाराच्या हरकतीला कारणांसह उत्तर द्यायचं, हेही कायद्यात आलं. आज ते उत्तर १५ दिवसांत द्यावं लागतं.

तेव्हापासून सरफेसीखाली न्यायाधिकरणाकडे कलम १७ चा अर्ज करायला ४५ दिवसांची मुदत आणि ठरलेली फी एवढंच बंधन आहे. अनामत येते ती त्याच्या पुढच्या पायरीवर, अपील न्यायाधिकरणात. तिथे ५० टक्के, पण न्यायाधिकरणाला कारणं नोंदवून ती २५ टक्क्यांपर्यंत खाली आणता येते. पूर्ण माफी मात्र देता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली नारायण चंद्र घोष प्रकरणात स्पष्ट केलं.

आता यातला पेच पाहा. ५ मे २०२० रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने पांडुरंग गणपती चौगुले विरुद्ध विश्वासराव पाटील मुरगूड सहकारी बँक या आपल्याच कोल्हापूर जिल्ह्यातल्या प्रकरणात ठरवलं की सहकारी बँकाही सरफेसी वापरू शकतात. म्हणजे आज एका नागरी सहकारी बँकेपुढे दोन रस्ते आहेत. तिने तारण मालमत्तेवर सरफेसी लावला, तर कर्जदाराला न्यायाधिकरणासमोर एक पैसाही अनामत न भरता खातेउतारा तपासून घेता येतो. त्याच बँकेने त्याच कर्जासाठी १०१चा दाखला घेतला, तर आकड्याला हात लावण्याआधी अर्धी रक्कम भरावी लागते. कर्ज तेच, बँक तीच, कर्जदार तोच. त्याचा हक्क किती, हे बँकेने कुठला फॉर्म भरला यावर ठरतं. पतसंस्थांना तर सरफेसी लागूच नाही. त्यांच्या कर्जदारापुढे १०१ शिवाय दुसरा रस्ताच सहसा येत नाही, आणि सगळ्यात लहान कर्जं त्यांचीच असतात.

यावर खात्याचं उत्तर काय असेल, याचा मला अंदाज आहे. निबंधकांसमोर पहिली सुनावणी होतेच, पुनरीक्षण ही दुसरी पायरी आहे, म्हणून मार्डियाचा न्याय इथे लागत नाही. कायद्याच्या भाषेत हे म्हणणं मांडता येईल. पण मग ती पहिली सुनावणी खरी असली पाहिजे. हरकतीतल्या प्रत्येक रकमेवर एक तरी ओळ लिहिली गेली पाहिजे. तसं होत नसेल, तर खात्याच्या लेखी दुसरी असलेली ती पायरी माणसासाठी पहिलीच ठरते.

पुनर्विलोकनाचा, म्हणजे ज्याने निर्णय दिला त्यानेच तो पुन्हा तपासण्याचा, मुद्दा इथेच येतो. दिवाणी न्यायालयाला आपलाच निकाल पुन्हा तपासायचा अधिकार आहे, दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ११४ आणि आदेश ४७. नवा महत्त्वाचा पुरावा सापडला, किंवा अभिलेखावर उघड दिसणारी चूक असली, की तो वापरता येतो. कर्जवसुली न्यायाधिकरणालाही १९९३च्या कायद्याच्या कलम २२ने आपल्या निर्णयांचं पुनर्विलोकन करण्याचा अधिकार दिला आहे. आपल्या सहकार कायद्यातही कलम १५० आहे, त्याखाली सहकार अपील न्यायालय स्वतःचा आदेश पुन्हा तपासू शकतं. सर्वोच्च न्यायालयाचे निकालही घटनेच्या अनुच्छेद १३७ खाली पुनर्विलोकनाला मोकळे असतात. आणि १०१चा दाखला, जो एका सहायक निबंधकाने दुपारच्या सत्रात ढिगातून काढलेला असतो, त्याला मात्र ही सोय नाही.

कायद्याने दिल्याशिवाय पुनर्विलोकनाचा अधिकार येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७० पासून सांगितलेलं आहे, त्यामुळे निबंधकांना दोष देऊन उपयोग नाही. अधिकार द्यायचा आहे तो विधिमंडळाने. म्हणूनच हे पत्र आमदारांनाही आहे.

पुनर्विलोकन म्हणजे मागल्या दाराने अपील नव्हे, हेही न्यायालयांनी पुन्हा पुन्हा बजावलं आहे, आणि ते मला मान्य आहे. कर्ज घेतलंच नव्हतं, सही माझी नाही, जामीन दबावाखाली राहिलो, अशा वादांसाठी मी ही सवलत मागत नाही. ते वाद पुनरीक्षणात जाऊ द्या. मी मागते आहे ते फक्त वहीपुरतं. जमा न झालेली पावती, करारापेक्षा जास्त लावलेला दर, चुकीच्या बाकीवर काढलेलं दंडव्याज, वळती न केलेले शेअर्स आणि ठेव, कायद्याने घातलेली मर्यादा ओलांडून आकारलेलं व्याज. शेवटच्या प्रकाराचं उदाहरण याच अधिनियमात आहे. ठरावीक शेतीकर्जांवर मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करू नये असं कलम ४४अ सांगतं. दाखल्यावरचा आकडा बघूनच ज्याचं उल्लंघन कळतं, ते दाखवण्यासाठी शेतकऱ्याने आधी अर्धी रक्कम भरायची का?

दंडव्याजाबद्दल आणखी एक सांगायला हवं. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३मध्ये परिपत्रक काढून बँकांना सांगितलं की हप्ता चुकला तर वाजवी दंड आकारा, पण तो जादा व्याजदराच्या रूपात नको, आणि दंडाची रक्कम मुद्दलात मिळवून त्यावर पुन्हा व्याज लावू नका. एप्रिल २०२४ पासून ते लागू आहे. नागरी सहकारी बँकांनाही ते बंधनकारक आहे. पतसंस्था रिझर्व्ह बँकेच्या कक्षेत येत नाहीत. त्यामुळे एकाच बाजारपेठेत रस्त्याच्या या बाजूच्या बँकेला एक नियम आणि त्या बाजूच्या पतसंस्थेला दुसरा. सहकार आयुक्तांनी तसंच परिपत्रक पतसंस्थांसाठी काढलं, तर निम्मे वाद निर्माणच होणार नाहीत, असं माझा अनुभव सांगतो.

ठेवीदारांचं काय, हा प्रश्न विचारला जाईल, आणि विचारलाच पाहिजे. मी बँकेच्या काउंटरमागे आयुष्य काढलं आहे. पेन्शनच्या दिवशी पासबुक घेऊन रांगेत उभ्या राहणाऱ्या म्हाताऱ्या माणसांना मी ओळखते. सप्टेंबर २०१९मध्ये पीएमसी बँकेवर निर्बंध आले तेव्हा ठेवीदारांना सुरुवातीला फक्त हजार रुपये काढता येत होते, ते दिवस मुंबईकर विसरलेले नाहीत. बँकेतल्या ठेवीला निदान विमा तरी आहे, फेब्रुवारी २०२०मध्ये त्याची मर्यादा ५ लाखांवर नेली गेली. पतसंस्थेतल्या ठेवीला तेवढंही संरक्षण नाही. थकबाकीदारांनी वर्षानुवर्षं तारखा घेत राहावं आणि तोवर ठेवीदाराने मुलीचं लग्न पुढे ढकलावं, हे मी पाहिलेलं आहे. अर्ध्या रकमेची अट त्याच संतापातून आली आणि त्या संतापात तथ्य आहे.

पण ती अट अडवते कोणाला? कोटीचं कर्ज थकवणारा पन्नास लाख उभे करतो, किंवा थेट उच्च न्यायालयात रिट करतो. त्याच्याकडे वकील असतो, मुंबईला जायला गाडी असते. संस्थेला बुडवतात ती असली कर्जं, आणि त्यातली बरीचशी संचालकांच्या मर्जीतल्या माणसांची असतात, हे सहकार खात्याला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. अडकतो तो वाहक, शिपाई, अंगणवाडी सेविका, दोन एकरवाला शेतकरी. त्यांना रिट हा पर्याय नसतो. आता ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं, आमच्या भागातल्या सहा जिल्ह्यांना त्याचा फार आधार वाटतो. तरीही तिथे गेलं, की आधी उपलब्ध असलेला उपाय वापरा, असं न्यायालय साहजिकच म्हणतं, आणि तो उपाय म्हणजे पुन्हा तेच पुनरीक्षण, त्याच अर्ध्या रकमेसकट.

ठेवीदारांचं हित सांभाळूनही हे बदलता येतं. अर्जदाराने स्वतःचा हिशेब ओळवार लिहून द्यावा. किती रक्कम मान्य आहे आणि किती अमान्य, हे त्यात स्पष्ट असावं. मान्य रकमेची वसुली एक दिवसही थांबवू नका, हवं तर तिचा पहिला भाग अर्जासोबतच भरून घ्या. थांबेल ती फक्त वादातल्या रकमेची वसुली, आणि तीही दोन महिन्यांपुरती. त्या मुदतीत अधिकाऱ्याने रोजकीर्द, खतावणी आणि व्हाउचर मागवून, प्रत्येक नोंदीवर कारण लिहून निर्णय द्यावा. खोटी पावती जोडणाऱ्यावर फौजदारी करा, मी त्याच्या बाजूने बोलायला येणार नाही. संस्थेची चूक निघाली तर दाखला दुरुस्त व्हावा आणि जास्त वसूल झालेली रक्कम संस्थेने व्याजासह परत करावी, त्याच दराने, ज्या दराने ती कर्जदाराला व्याज लावते. वाहकांच्या प्रकरणात हे असतं, तर ३ लाख ८६ हजारांची वसुली त्याच दिवसापासून सुरू झाली असती आणि लाखाचा निकाल दोन महिन्यांत लागला असता. ठेवीदारांचं यात कुठलं नुकसान झालं असतं?

काही गोष्टींना तर कायदा बदलण्याचीही वाट पाहावी लागत नाही. १०१च्या नोटिशीसोबत संपूर्ण खातेउतारा जाबदाराला मिळालाच पाहिजे, पहिल्या दिवसापासूनचा, मराठीत, व्याजदर कधी बदलला आणि कोणत्या ठरावाने बदलला त्या नोंदीसह. आज जामीनदाराला बहुतेक वेळा शेवटच्या बाकीचा एक आकडा दिसतो, फार तर संगणकातून काढलेलं इंग्रजी संक्षेपांनी भरलेलं एक पान. त्यावर तो म्हणणं काय मांडणार? मूळ कर्जदार आणि जामीनदार दोघांच्या हल्लीच्या पत्त्यावर नोटीस बजावल्याचा पुरावा प्रकरणात असल्याशिवाय ते सुनावणीला घेऊ नये. आदेशाचा छापील नमुना बंद करावा, किंवा निदान त्यात हरकतींसाठी एक रकाना असावा आणि तो कोरा ठेवता येऊ नये.

ज्यांना नोटीसच मिळाली नाही आणि दाखला एकतर्फी निघाला, त्यांच्यासाठी सर्वोच्च न्यायालयाचा १९८०चा ग्रिंडलेज बँकेचा निकाल आहे. गुणवत्तेवरचं पुनर्विलोकन वेगळं आणि प्रक्रियेतली चूक सुधारणं वेगळं, दुसरं करायला अधिकार असलेल्या यंत्रणेला वेगळ्या तरतुदीची गरज नाही, असं त्यात म्हटलं आहे. तो निकाल एका औद्योगिक न्यायाधिकरणाबद्दलचा होता, आणि १०१च्या दाखल्याला तो किती लागू पडेल यावर कायदेतज्ज्ञ वाद घालू शकतात. पण मा. आयुक्तांनी विधी व न्याय विभागाचा अभिप्राय घेऊन याबद्दल एक स्पष्ट परिपत्रक काढलं, तर परगावी राहणाऱ्या आणि नोटीस न पोचलेल्या कितीतरी जामीनदारांना जप्तीच्या आधी एकदा तरी बोलता येईल. आज अधिकारी सांगतात, 'आमच्या हातात काही नाही, वर जा.' वर जायचं म्हणजे अर्धी रक्कम.

एक विनंती संस्थांच्या चेअरमन आणि सचिवांनाही. आपल्याच खात्याची चूक आपल्याला दिसली, तर दाखला निघाला म्हणून ती तशीच ठेवू नका. मी ज्या बँकेत होते तिथे आमचे कर्ज विभागाचे साहेब प्रस्ताव पाठवण्यापूर्वी जामीनदाराला बोलावून उतारा समोर ठेवायचे आणि म्हणायचे, तुमच्याकडे पावत्या असतील तर आजच दाखवा. कधी पाच हजार कमी व्हायचे, कधी काहीच निघायचं नाही. पण त्यानंतर जामीनदार भांडायला येत नसे, आणि आमची वसुली बाकीच्या शाखांपेक्षा चांगली असायची.

नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात सहकार कायद्यातली दुरुस्ती येणार असेल, तर कलम १५४(२अ)ला एक परंतुक, म्हणजे अपवाद सांगणारी तरतूद, जोडा: हरकत केवळ खात्यातल्या नोंदी, व्याजदर किंवा आकडेमोडीपुरती असेल आणि अर्जदाराने मान्य रक्कम लिहून दिली असेल, तर ५० टक्क्यांची अट लागू होणार नाही. त्यासोबत कलम १०१मध्ये निबंधकांना पुनर्विलोकनाचा मर्यादित अधिकार द्या. मसुदा आधी जाहीर करून हरकती-सूचना मागवाव्यात, आणि सुनावणीला फेडरेशनच्या प्रतिनिधींबरोबर जामीनदारांनाही बोलवावं. कोणत्या नोंदी कशा चुकतात हे दाखवणारे खातेउतारे, नावं आणि खातेक्रमांक झाकून, मी समितीसमोर ठेवायला तयार आहे. बोलावणं आलं तर पुण्याला किंवा मुंबईला स्वखर्चाने येईन.

आपली नम्र,
एक निवृत्त सहकारी बँक कर्मचारी
जि. सांगली